जागत्या मातीचा दवाखाना

तिसरी बाई डोळे पुसत बाहेर आली, तेव्हा मी मेस्त्रीला विचारलं, "आत चुना उडतोय का?"

"न्हाई साहेब," लिंगाप्पा म्हणाला. "चुना न्हाई."

राणीसावरगावच्या दवाखान्यात बाळंतिणींसाठी नवी खोली बांधली, त्याला आठच दिवस झाले होते. निजामाचं राज्य होतं. मी तामीरातमध्ये, म्हणजे सरकारच्या बांधकाम खात्यात, ओव्हरसियर होतो. प्लॅन माझा, देखरेख माझी. लाईन, लेव्हल, कोपरे, सगळं काटेकोर. आणि त्या खोलीत एकही बाई पाच मिनिटं टिकेना. नर्सबाईंनी तर आपली खुर्चीसुद्धा व्हरांड्यात काढली होती.

खोली जागत्या मातीची होती. आता ही माती कुणी वापरत नाही, म्हणून सांगतो. गोदावरीच्या काठी उठून गेलेल्या जुन्या गावांच्या टेकाडात ती निघायची. रंग पांढुरका. भिंत उन्हाळ्यात गार राही, पावसाला दाद देत नसे. पण तिचा एक स्वभाव होता. ओली असताना जवळच्या माणसांच्या मनात जे असेल ते ती धरून ठेवी, आणि वाळली की आत येणाऱ्याला तेच देत राही. म्हणून ही माती तुडवायला पोटभर जेवलेल्या, घरी धड असलेल्या बायका बोलावत. घरी भांडण झालेली बाई आपणहून परत जाई. चिखलाजवळ आवाज चढवायचा नाही, हा नियम. मी शहरात शिकलेला. मला हे सगळं थोतांड वाटे.

"मग आत होतंय तरी काय?"

लिंगाप्पा सत्तरीचा होता. गळ्यात लिंग, बोलणं तोलूनमापून. तो जमिनीकडे बघत म्हणाला, "आत गेलं की काई तरी चुकल्यावाणी वाटायलंय, साहेब. आता कुणी तरी वरडंल आपल्यावर, असं."

"कोण ओरडणार?"

मागे उभ्या असलेल्या बायकांनी तोंडाला पदर लावले.

मी आत गेलो. दोन मिनिटांत मी भिंती तपासू लागलो. ओळंबा चुकला असेल, दरवाजा तिरका बसला असेल, नाना शंका. शाळेत उभा केल्यासारखे माझे हात आपोआप मागे गेले. आवाज कुठेच नव्हता, पण रागावण्याची धाटणी ओळखीची होती. ती माझीच होती. इन्स्पेक्शन जवळ आलं म्हणून मी दहा दिवस त्या चिखलाच्या काठावर उभा राहून एकेकाला फैलावर घेतलं होतं. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

"आधी का नाही सांगितलं?" मी बाहेर येऊन ओरडलो.

"तुमी बोलू कवा दिलं?" लिंगाप्पा म्हणाला. मग आवाज खाली आणून म्हणाला, "माजी लेक पारू हाय ना साहेब, तिचे दिवस भरत आलेत. आदीची दोन्ही लेकरं घरच्या बाळंतपनात गेली. औंदा हितं आणायची म्हणून ही खोली मी जीव लावून बांधली. काल पोरगी उंबऱ्यावरनंच माघारी फिरली. लय भ्यालीय."

दुसऱ्या दिवशी मोहतमीम साहेब, म्हणजे आमचे मोठे इंजिनियर, आले. खोलीत गेले आणि चष्मा पुसत बाहेर आले. "मियाँ, अब्बा की डाँट याद आ गई," म्हणाले. मग माझ्याकडे वळून ऑर्डर दिली, "गिरा दो."

लिंगाप्पाने आयुष्यात कधी एवढ्या मोठ्या साहेबापुढे तोंड उघडलं नव्हतं. तो हात जोडून पुढे झाला. "पाडू नका, सरकार. पारूला दुसरी जागा न्हाई. आतनं चार बोटं खरवडतो, पुन्यांदा तुडवून लावतो. आठ दिस द्या."

साहेबांनी आठ दिवस दिले. लिंगाप्पाने मला अट घातली. ज्याचा राग मातीत गेला, त्यानंच ती तुडवायची.

मी बूट काढले, पँट गुडघ्यापर्यंत दुमडली आणि बायकांच्या रांगेत चिखलात उतरलो. दोन दिवस मी ठरवून, इमानेइतबारे हसत होतो. संध्याकाळी लिंगाप्पा त्या मातीचा वाळवलेला छोटा गोळा पारखायला गालाला लावी, मान हलवी आणि फेकून देई. "उसनं हसू ही माती धरत न्हाई, साहेब."

तिसऱ्या दिवशी लिंगाप्पाची बायको नागरबाई माझ्याशेजारी तुडवत होती. माझ्याकडे न बघता तिने ओवी धरली:

"साहेबाची डरकाळी, गेली गंगंच्या पल्याड
घरी बायकूच्या म्होरं, असं मांजर न्हाई भ्याड."

सगळ्यांचे पाय थांबले. लिंगाप्पाच्या हातातली थापी खाली पडली. मी तोंड उघडलं ते रागवायलाच. पण गंगाखेडला माझी बायको होती, आणि ओवीतलं अक्षर न् अक्षर खरं होतं. मला हसू फुटलं ते आवरेना. मग बायकाही सुटल्या. माझ्या मिशीवर एक ओवी झाली, चालण्यावर दोन झाल्या. दुपारी लिंगाप्पाने गोळा गालाला लावला, डोळे मिटले आणि म्हणाला, "आता लावतो."

खोलीचा गिलावा त्याने एकट्याने हाताने ओढला, मग उरलेली माती व्हरांड्याला लावली. अशी भिंत मी पुढे कुठल्या सरकारी बंगल्यातही बघितली नाही.

भिंती वाळल्यावर पारू आली. उंबऱ्यावर थबकली. भिंतीकडे बघून गालात हसली आणि सरळ आत जाऊन खाटेवर टेकली. दुपारी नर्सबाई दारात येऊन वैतागून म्हणाल्या, "ही कळा देता देता हसतेय, हिला काय सांगू?" थोड्या वेळाने लेकराचा ट्याहां ऐकू आला.

मी लिंगाप्पाला शोधलं. तो लांब चिंचेखाली जाऊन ढसाढसा रडत होता. व्हरांड्याचा गिलावा अजून ओला होता, म्हणून तो तेवढ्या लांब गेला होता.

त्यानंतर नोकरीभर गिलावा ओला असला की मी आवाज चढवला नाही. ओव्हरसियर निवळले, असं लोक म्हणत. निवळतोय कसला! मी भिंत वाळायची वाट बघत असे.