मास्तरांचं ‘झालंच’

मास्तरांच्या शिलाईच्या दुकानात कपडा वेळेवर मिळाल्याची नोंद नाही. “झालंच, काजं तेवढी राहिलीत,” हे वाक्य ते इतक्या सात्त्विक चेहऱ्याने म्हणत, की गिऱ्हाइकाला स्वतःच्याच उतावळेपणाची लाज वाटे. त्या वेळी कापड बहुधा कापलेलंही नसे.

मशीनखाली चिंध्यांच्या ढिगात बॉबिन झोपे. म्हातारा, झिपऱ्या कुत्रा. डोक्यावर दिवसभर कात्री चाले, तरी त्याचा कान हलत नसे. तीच कात्री त्याच्याकडे वळली, की मात्र चार पाय चार दिशांना.

अशाने कानांमागे केसांच्या गाठी झाल्या आणि खालची कातडी चिघळू लागली. जनावरांच्या डॉक्टरांनी हृदय तपासलं आणि ते म्हणाले, “भूल देऊन काढता येतील, पण या वयात तो परत उठेलच असं नाही. घरीच शांत बसवून काढता आल्या तर बघा.”

मास्तरांनी त्याला गुडघ्यांत धरलं आणि “झालंच हं राजा, झालंच,” म्हणत कात्री चालवली. एक गाठही सुटली नाही. मास्तरांच्या मनगटावर दात मात्र उमटले. बॉबिन कपाटामागे गेला.

कोपऱ्यात बटणं लावणाऱ्या काकूंनी, म्हणजे त्यांच्या बायकोने, सुई न थांबवता सांगितलं, “तो कात्रीला भीत नाही. तुम्ही ‘झालंच’ म्हणालात, की हिसके देतो.”

“अगं, मी त्याला धीर देतोय.”

“गिऱ्हाइकांनाही धीरच देता. त्यांना अजून कळलं नाही, याला कळलं.”

मास्तर मनाला लावून घेणारे नव्हते. पण त्या संध्याकाळी बॉबिनने त्यांच्या हातचा पाव घेतला नाही, तेव्हा त्यांना स्वतःचाही घास जाईना.

मग काकूंनी नियम घालून दिला. कात्री नुसती दाखवायची, ‘झालं’ म्हणायचं आणि खरोखर थांबायचं. वर उकडलेल्या अंड्याचा तुकडा. काम न करता कात्री खाली ठेवण्याचा मास्तरांचा अनुभव दांडगा असल्याने एवढं सहज जमलं. पुढे कात्री पाठीला टेकवली, झालं. केसांत कंगवा घातला, झालं. चार केस कापले, झालं. एकदा मोह होऊन ‘झालं’नंतर त्यांनी आणखी एक गाठ कातरली. बॉबिन पुन्हा कपाटामागे. काकूंनी फक्त अंडं उकडायला ठेवलं. पुन्हा पहिल्यापासून.

अखेर एका दुपारी, कातडीला लागू नये म्हणून मध्ये कंगवा धरून, मास्तरांनी शेवटची गाठ अलगद सोडवली. खालची कातडी लाल होती, पण हवा लागणार होती. बॉबिनची हनुवटी त्यांच्या गुडघ्यावर होती.

“झालं,” मास्तर म्हणाले.

“शांत आहे तोवर नखंही उरकून घ्या.”

“झालं म्हटलंय मी.” त्यांनी कात्री खणात ठेवली.

तेवढ्यात दारात गिऱ्हाईक. “मास्तर, माझा कोट?”

मास्तरांच्या ओठांवर जुनं वाक्य आलं होतं. त्यांनी खाली पाहिलं. बॉबिन जागा होता.

“अजून कापलासुद्धा नाही.”

“काय मास्तर, थट्टा करता गरिबाची,” म्हणत गिऱ्हाईक हसलं आणि कोटाची वाट बघत स्टुलावर बसलं.