उलटा पीळ

शेडमध्ये तिला सगळेच ताई म्हणतात, तिच्याहून मोठा असलेला तपासनीससुद्धा. वय बावन्न, हुद्दा फिटर. एका मितीतून दुसऱ्या मितीत जाणाऱ्या जहाजांची इंजिनं इथं उघडली जातात. कागदोपत्री त्यांचं नाव भलं लांबलचक आहे. शेडमध्ये नुसतं ‘पलीकडचं’ म्हणतात. ताईचं काम म्हणजे इंजिनाच्या तोंडावरच्या बारा बोल्टांना तार बांधणं. बोल्टाच्या डोक्यातल्या भोकातून तार ओवायची, दोन्ही पदर एकमेकांत पिळायचे, टोक शेजारच्या खुंटीत अडकवायचं. हादऱ्यानं बोल्ट सैल होऊ नये म्हणून. “बाकीचे इंजिन सांभाळतात, मी त्याच्या वेण्या घालते,” असं ती पूर्वी म्हणायची. आताशा म्हणत नाही.

पूर्वी हे काम दोघं करत, ती आणि तिचा धाकटा भाऊ. तो डावरा, त्यामुळे त्याच्या तारेचा पीळ उलटा पडायचा. शेडमध्ये त्याचं नावच उलट्या पडलं होतं. एकदा पैजेवर ताईनं डाव्या हातानं तार पिळून दाखवली, तेव्हा तो हसता हसता स्टुलावरून खाली आला होता. “तायडे, ही तार आहे की उंदराची शेपटी?”

चार वर्षांपूर्वी त्याला ताप आला आणि आठव्या दिवशी तो गेला. ताई रडली नाही. “दगड आहेस की काय?” आई म्हणाली. “असेन,” ती म्हणाली आणि भाजी चिरायला बसली. पुढच्या आठवड्यात कामावर हजर. गेल्या वर्षी पकडीत सापडून तिचं नख निघालं, ते तिला वेल्डरनं सांगितल्यावर कळलं. फरशीवर रक्ताचे थेंब कुणाचे, म्हणून तो शोधत आला होता.

पलीकडेही अशीच एक शेड आहे आणि तिथं बरीचशी अशीच माणसं आहेत, हे सगळ्यांना ठाऊक आहे. त्यावर कुणी फारसं बोलत नाही. माणसांना पलीकडे जायची परवानगी नाही. जहाजं फक्त माल घेऊन जातात. शेडच्या दुरुस्तीला आलेल्या एका गवंड्यानं इंजिनाच्या आवरणात चिठ्ठी कोंबली होती. त्याला दुसऱ्या दिवशी फाटकातूनच परत पाठवलं. नियम दोन्हीकडे सारखा आहे: इंजिन आलं की पलीकडच्या तारा तोडायच्या आणि आपल्या बांधायच्या.

त्या मंगळवारी सहा महिन्यांनी परतलेलं एक इंजिन ताईसमोर आलं. तिनं झाकण काढलं. अकरा बोल्टांवर पलीकडची निळसर तार होती आणि सगळ्यांचा पीळ उलटा. बारावी तार करड्या रंगाची, सरळ पिळाची. तिची स्वतःची, सहा महिन्यांपूर्वीची. कुणीतरी ती तोडली नव्हती. एरवी ताई पलीकडच्या तारा न बघताच तोडायची.

ताई स्टुलावर बसली. पलीकडे तिचा भाऊ तापातून उठला होता. आणि नियम मोडून त्यानं तिची एक तार ठेवली होती, यावरून त्याच्याऐवजी तिकडे कोण गेलं असावं तेही उघड होतं. आपल्याला आता काहीतरी वाटायला हवं, हे तिला समजत होतं. तिनं थोडा वेळ वाट पाहिली.

“काय ताई, भूत बघितलं का?” वेल्डरनं जाता जाता विचारलं.

“तू समोर आहेस ना.”

इंजिन चारला परत जायचं होतं. तिनं कटर घेतला आणि अकराही तारा तोडून भंगाराच्या डब्यात टाकल्या. स्वतःची तेवढी नियमात बसत होती, ती राहू दिली. दहा बोल्ट नेहमीसारखे बांधले. अकरावा तिच्या तारेला लागूनच होता. तिथं तिनं पक्कड डाव्या हातात घेतली. दोनदा तार तुटली. तिसऱ्यांदा जमली, पण वेडीवाकडी.

साडेतीनला तपासनीस आला. टॉर्च फिरवत, एकेका तारेवर बोट टेकवत अकराव्याशी थांबला.

“हे काय?”

“तार.”

“ते दिसतंय. उलटी का?”

“डाव्या हातानं पिळली.”

“उजव्याला काय झालंय?”

“काही नाही.”

त्यानं उलट्याचं काम चौदा वर्षं तपासलं होतं. त्यानं टॉर्च तारेजवळ नेला. ही तार चिठ्ठी ठरली असती तर ताई उद्या फाटकाबाहेर होती.

“तार कुठली?”

“इकडची. रीळ बघा.”

त्यानं रीळ बघितलं. मग पकडीनं तार ओढून पाहिली. ती हलली नाही.

“नियमात तार लिहिली आहे, पीळ लिहिलेला नाही,” तो म्हणाला. “घट्ट आहे. दिसायला मात्र भिकार.”

“माहीत आहे.”

त्यानं शिक्का मारला. चार वाजता इंजिन गेलं. परत यायला सहा महिने लागणार होते.

घरी आईला तिनं काही सांगितलं नाही. जेवताना आईचं लक्ष तिच्या डाव्या अंगठ्याकडे गेलं. कातडी सोलवटली होती.

“अगं, दुखत असेल!”

ताईनं अंगठा दाबून पाहिला.

“हो,” ती म्हणाली. “दुखतोय.”