माझी आज्ञाधारक सैतानीण मालेगावला जाते

ऑफिसात मला कुणी विचारत नाही, घरी तर नाहीच. म्हणून मी जपानी फँटसी वाचतो. त्यात माझ्यासारखाच एक बावळट जमिनीवर खडूनं वर्तुळ काढतो, मंत्र पुटपुटतो आणि वर्तुळातल्या धुरातून आलेली हजार वर्षांची सैतानीण म्हणते, "आज्ञा, मालक!" करार रक्ताचा, सुटका नाही. वर ती त्या दिवट्याच्या प्रेमातही पडते. पाच वर्षं खपून तशीच चारशे पानांची कादंबरी मीही लिहिली. छापणार स्वखर्चानं, पण मुखपृष्ठाशिवाय तिला हात कोण लावणार? पुण्यातला माझा सहकारी संदेश म्हणाला, "माही बहीण लय भारी चित्रं काढते. चाल आमच्या मालेगावले."

तिकीट काढताना वाशीमचं मालेगाव सांगा, नाहीतर नाशिकच्या मालेगावात उतराल. ट्रॅव्हल्स मेहकरमार्गे जाते आणि सकाळी सोडते. पाठीला उशी घ्या.

संदेशची बहीण करुणा दुकानांच्या पाट्या रंगवते. मी घरात शिरलो तोच "पाणी मिळेल का?" म्हणत. मग चहा, मग चार्जर, मग पंखा जरा इकडे. दर वेळी हातातला ब्रश ठेवून तीच उठली. तरी दुपारपर्यंत तिनं कादंबरी चाळलीसुद्धा.

जेवायला ज्वारी-उडदाच्या पिठाची, कळण्याची भाकरी आणि ठेचा. संदेशचे वडील, निवृत्त वायरमन, यांना मी उत्साहानं कथानक सांगितलं.

"सुटते कवा ते?" काकांनी विचारलं.

"सुटत नाही काका. तिला मालक आवडायला लागतो."

"माह्या आजाले चावडीवरून हाक आली का भरल्या ताटावरून उठा लागे. त्याले काई गाव आवडाले लागलं नोतं. छप्पन साली बुद्धधम्म घेतला अन् त्यानं हाकेले ओ देनं सोडलं."

तेवढ्यात ठेचा झोंबला आणि माझ्या तोंडून निघालं, "करुणाताई, जरा पाणी?"

ती जागची हलली नाही. "चारशे पानं तुमची सैतानीण चहाच करून राह्यली. तिले सोताचं काई काम नाई का?"

"वाचकांना तेच आवडतं."

"वाचकाले का तुमाले?"

दुसऱ्या दिवशी जवळच्या शिरपूर जैनचं देऊळ ती दाखवायला येईल, हे मी गृहीतच धरलं होतं. "पाटी द्याची हाय आज," म्हणाली. एसटीनं एकटा गेलो. देऊळ जुनं, आत गार वाटतं. चपला काढून निवांत बसा, घाई करू नका. मी बसलो आणि मनातल्या मनात करुणावर चिडत राहिलो. मुखपृष्ठ गेलं, अशी खात्रीच झाली होती.

निघताना मात्र तिनं कागदाची गुंडाळी हातात ठेवली. "घरी जाऊन पाहा."

पुण्यात उलगडली. जमिनीवर खडूचं वर्तुळ, आणि वर्तुळात मी. माझा चष्मा, माझी ढेरी, हातात पाण्याचा तांब्या. शेजारी सैतानीण खुर्चीत बसून पाटी रंगवते आहे, माझ्याकडे बघतही नाही.

फार राग आला. पण चित्र इतकं देखणं आहे की दुसरं लावायची हिंमत होईना. मुखपृष्ठ तेच राहणार. कादंबरी मात्र पहिल्या पानापासून पुन्हा लिहितोय. रोज कागदावर वर्तुळ काढतो, मंत्र म्हणतो, वाट बघतो. सैतानीण आता बोलावून येत नाही.