नदीपलीकडचा भाऊ

इव्हॉन गेली, हे फ्रँकनं दारात येऊन सांगितलं. "सकाळी... झोपेतच," एवढंच म्हणाला आणि ड्राइव्हवेवरचा बर्फ शोव्हल करायला लागला. कॅनडातल्या विंडसरमध्ये आम्ही या नवराबायकोच्या बेसमेंटमध्ये बरीच वर्षं भाड्यानं राहत होतो. तिच्याबद्दल मला जे माहीत होतं, ते तिच्या नवऱ्याला ठाऊक नव्हतं. अजूनही नाही.

मला दिवस गेले तेव्हा ती म्हणाली होती, "तुझं बरं आहे. मूल कुठल्याही रंगाचं होऊ दे, घरात कुणी दचकणार नाही." मी हसले. ती हसली नाही... मग हळूहळू सगळं बाहेर आलं. लुइझियानातून डेट्रॉइटला आलेलं क्रिओल घराणं, फ्रेंच आणि आफ्रिकी रक्ताचं. एकाच आईची मुलं, पण ही गोरी आणि धाकटा भाऊ लिऑन काळा. ऐन विशीत ती सरहद्दीवरची नदी ओलांडून इकडे कॅनडात आली आणि गोऱ्यांतलीच होऊन राहिली. फ्रँकला सांगितलं, मला कुणी नाही. मूल मुद्दाम होऊ दिलं नाही. न जाणो, लिऑनवर गेलं तर! नदीपलीकडच्या त्या भावाला तिनं एकदाही घरी बोलावलं नाही. फ्रँक कामावर गेला की फोन करायची, तेवढंच. मला तिचा भयंकर राग यायचा, आणि कीवही. माझ्या सासूबाईंना यातलं काहीच माहीत नव्हतं. "काय गोरीपान बाई!" म्हणायच्या, आणि माझ्या लेकीकडे बघून उसासा टाकायच्या.

तिनं कधीतरी लिहून दिलेल्या नंबरवर लिऑनला मीच कळवलं. फ्यूनरल होममध्ये तो मागच्या रांगेत बसला होता, हॅट मांडीवर ठेवून. शेवटी उठून उघड्या शवपेटीपाशी आला, वाकला. तेच नाक, तीच हनुवटी. कोण कुणासारखं दिसतं हे जाहीर केल्याशिवाय आपल्या बायकांना चैन पडत नाही. मी हात धरेपर्यंत सासूबाई मोठ्यानं बोलून गेल्या, "यू ब्रदर? सेम नोज! सेम टू सेम!"

फ्रँकनं मान वळवली. लिऑननं आधी त्याच्याकडे पाहिलं, मग पेटीतल्या बहिणीकडे.

"नाही बाई," तो म्हणाला. "या मॅडमच्या ऑफिसात मी झाडलोट करायचो. रोज गुड मॉर्निंग म्हणायच्या."

फ्रँकनं सुटल्यासारखा श्वास सोडला, लिऑनचा हात हातात घेतला. "ती सगळ्यांशीच चांगली वागायची."

"येस सर."

पेटी निघाली. मागून घरच्यांनी चालायचं, म्हणून फ्रँक एकटाच निघाला. लिऑननं त्याच्यासाठी दार धरून ठेवलं.