धुतलेली साडी
साबणाच्या पाण्यात जुनी सुती साडी भिजत घातली की मला दिंडोरीतलं ते शूटिंग आठवतं. मालिकेत मजूर बाईची भूमिका होती आणि कपडेपट माझ्याकडे होता. नवं कापड चहाच्या पाण्यात कितीही बुडवा, त्याला अंगावर झिजलेल्या साडीची कळा येत नाही, म्हणून मी द्राक्षबागेत काम करणाऱ्या एका मुलीला नवी साडी देऊन तिच्या घरातली जुनी घेतली. खांद्यावर विरलेली, फवारणीचे निळे डाग पडलेली. नटीच्या अंगाला लागणार, म्हणून दोनदा धुतली. दुसऱ्या दिवशी सकाळी त्या मुलीची मोठी बहीण नवी साडी तशीच घडीत घेऊन आली. "ताई, ती आमच्या आईची हाय. आई गेली औंदा. धाकटीनं मला न विचारता दिली." मी दोरीवरून साडी काढून तिच्या हातात दिली. तिनं पदर नाकाशी धरला, खांद्याकडचा विरलेला भागही हुंगला. मग म्हणाली, "धुतली तुम्ही. मग राहू द्या आता." जुनी साडी परत माझ्या हातात देऊन ती गेली. शॉट तयार होता. मी नटीला साडी नेसवली, निऱ्या सारख्या केल्या. डाग छान दिसतात, असं दिग्दर्शक म्हणाले. जुने कपडे मी अजूनही घेते. आणले की हुंगत नाही, तसेच भिजत घालते.