बसून वाजवणारा कचरू

आमचे हे झोपेतबी वाजवायचे. बोटं माझ्या पाठीवर चालायची. मी खेकसायची, "अवो, म्या काय ढोल हाय का?" की बोटं थांबायची, अन् मग मलाच झोप लागंना.

माझ्या सासऱ्याला, म्हाळूआबाला, हे वाजवणं खपायचं न्हाई. आबानं निम्मं आयुष्य गावकीची हलगी वाजवली. लग्न कुणाचंबी असो, आबा मांडवाबाहेर उभे. पंगती उठल्या तरी उभेच. छप्पन्न साली दीक्षा घेतली अन् हलगी चुलीत घातली. "माज्या घरातलं कुणी आता उभ्यानं वाजवणार न्हाई," म्हणाले. झालं, विषय संपला.

पण हाताची खोड जाती व्हय? बहात्तरच्या दुष्काळात आमी लिंबागणेशच्या रस्त्याला खडी फोडायला होतो. ह्यांचा हातोडा असा ठेक्यात पडायचा की सगळी रांग त्याच ठेक्यावर फोडायची. उन्हात डोळे मिटले की वाटायचं, लांब कुठंतरी वरात चाललीया अन् मी तिच्यात हाय. पोटात काय नसायचं, पण लई गोड वाटायचं, खरं सांगते.

पुढं हे सहकारी साखर कारखान्यात लागले. कामगारांनी ऑर्केस्ट्रा काढला, ड्रम आणला. एक ढोल पायानं, बाकीचे हातानं, वर पितळी थाळ्या. अन् वाजवणारा स्टुलावर बसून! घरी आले ते हरखूनच. "मनकर्णे, ह्याला बसावंच लागतंय गं!" घास हातातच राहिला.

आबाला सांगायची हिंमत मातर लई उशिरा झाली. आबा म्हणाले, "येतो ऐकायला. पण तू उभा दिसलास की मी चाललो."

नंतर हे धर्मापुरी, परळी, नारायणगडाची जत्रा, कुठं कुठं वाजवून आले. पण माझ्या डोळ्यांम्होरं येती ती आबा ऐकायला आले त्या दिवसाची संध्याकाळ. कारखान्यात उसाचं गळीत सुरू झालतं, त्याचाच कार्यक्रम. मळीचा वास, हवेत उसाचा भुसा तरंगतोय, थाळ्यांवर उतरतं ऊन. सपनात बसल्यावानी झालतं मला. अन् बघते तर स्टूल कुठाय? मेल्यांनी त्याच्यावर कारखाना काढणाऱ्या साहेबांची तसबीर मांडून हार घातलेला! आता तसबीर कोण हलवणार? निवेदक म्हणाला, "कचरू, आजच्या दिवस उभ्यानं वाजव की. काय बिघडतंय?"

ह्यांनी काड्या खाली ठेवल्या. "बसायला आलं की वाजवतो."

डायरेक्टर लोकं घड्याळं बघाय लागली. अन् पुढच्या रांगेतून आबा उठले. गेले गं बाई, म्हटलं, चालले!

आबानं आपली लोखंडी खुर्ची उचलली, मंचावर नेली, ड्रममागं ठेवली. "बस."

अन् मग हे जे वाजवाय लागले! माझ्या डोळ्यांचं पाणी थांबंना. आबा खाली येऊन तसेच उभे. मी माझी खुर्ची सरकवली, "बसा ना, आबा."

"गप गं," आबा म्हणाले. "मांडवाबाहेर लई उभा ऱ्हायलो. आज माज्या मनानं उभा हाय."

शेवटचं गाणं संपेस्तोवर ते बसले न्हाईत.