टेपला चिकटलेली सही
काळ्या इन्सुलेशन टेपचा वास आला की दुबईजवळच्या जबल अलीतला, नव्वदच्या दशकातला सुट्टीचा एक शुक्रवार आठवतो. गोदामामागच्या वाळूत आमची टेनिस बॉलची मॅच होती आणि साइटवरच्या अमेरिकन इंजिनियरने आपल्या आजोबांचा बेसबॉल दाखवायला आणला होता. आजोबा एकेकाळचे नावाजलेले पिचर, म्हणजे बेसबॉलमधले बॉलर. खांदा कायमचा गेला, तेव्हा शेवटच्या मॅचच्या बॉलवर त्यांनी सही केलेली. टेनिस बॉल जड व्हावा म्हणून हातात आला की आधी टेप गुंडाळायची, ही आमची रीत; आमच्या कोकणातल्या बॉलरने त्या बेसबॉललाही तेच केलं. टेप सोलली तर सही टेपलाच चिकटून आली. "साब, खराब ना हो इसलिए लगाया," तो रडवेला होऊन म्हणाला. इंजिनियरने तो टेपचा तुकडाच जपून पाकिटात ठेवला. आता नातवाच्या बॉलला टेप लावण्याआधी मी तो चारही बाजूंनी फिरवून बघतो.